फलाटावरील परवाना : मेहरबानी की हक्क?

रेल्वेच्या फलाटावरील खाद्यविक्रेता भाडेकरू नसून परवानाधारक असतो. आणि १८८२ च्या सुविधाधिकार अधिनियमानुसार परवान्याने जागेत हितसंबंध निर्माण होत नाही. म्हणून मुदत सरताच वाद उद्भवतो तो 'नूतनीकरण' या शब्दावर : ती मेहरबानी, की हक्क? खुल्या निविदेचा पक्ष राज्यघटनेच्या १४ व्या कलमावर उभा आहे. त्याला बळ मिळाले ते रेल्वेबाहेरच्या, मुंबई विमानतळावरील उपाहारगृहाच्या खटल्यातून. शासनसंस्थेने निविदेच्या अटी मनमानीने डावलू नयेत, असे सर्वोच्च न्यायालयाने १९७९ साली ठरविले. विलंबामुळे अपीलकर्त्याच्या हाती मात्र काहीच लागले नाही. तथापि समतेचे हेच कलम जुन्या विक्रेत्यांनीही पुढे केले. २०१० च्या खानपान धोरणावरून झालेल्या वादात त्याच न्यायालयाने २०१६ साली दक्षिण मध्य रेल्वेची अपिले फेटाळली, आणि लहान स्टॉलधारकांचे परवाने नूतनीकरणास पात्र ठरले.