तंत्रिका : संज्ञेचा अर्थ व इतिहास

तंत्रिका : मेंदू व मेरुरज्जू यांचा शरीराच्या इतर भागांशी संबंध जोडणाऱ्या पांढुरक्या, दोरीसारख्या संरचनेस तंत्रिका म्हणतात. व्यवहारात तिला मज्जातंतू किंवा ज्ञानतंतू व शालेय पाठ्यपुस्तकांत चेता असे म्हटले जाते. प्रत्येक तंत्रिका म्हणजे संयोजी ऊतकाच्या (आधार देणाऱ्या व बांधून ठेवणाऱ्या कोशिकासमूहाच्या) आवरणांत गुंडाळलेली अनेक सूक्ष्म तंतूंची जुडी असते. माणसात मेंदूशी संबंधित अशा मस्तिष्क तंत्रिकांच्या १२ व मेरुरज्जूपासून निघणाऱ्या तंत्रिकांच्या ३१ जोड्या असतात. संवेदना आत नेणे आणि स्नायू, ग्रंथी इत्यादींना प्रेरणा पोहोचविणे ही त्यांची मुख्य कार्ये होत [→ तंत्रिका तंत्र]. तंत्रिकांची ही कल्पना आज सर्वपरिचित असली, तरी तिच्यासाठी निश्चित व स्वतंत्र शब्द रूढ होण्यास अनेक शतके लागली. निरनिराळ्या भाषांतील या शब्दांचा इतिहास म्हणजे एका अर्थी शरीराविषयीच्या ज्ञानाचाच इतिहास आहे.

गोंधळाचे मूळ : विच्छेदन केलेल्या शरीरात तंत्रिका, कंडरा (स्नायूचे टोक हाडाशी जोडणारी दोरी) आणि अस्थिबंध (हाडास हाड बांधणारा पट्टा) या तीनही गोष्टी पांढुरक्या व चिवट दिसतात. नितंबातून मांडीच्या मागील बाजूस उतरणारी गृध्रसी तंत्रिका तर बोटाएवढी जाड असते. केवळ डोळ्यांनी पाहणाऱ्यास तिच्यात आणि एखाद्या कंडरेत भेद करण्याचे कारण दिसत नाही. त्यामुळे प्राचीन भाषांत या सर्वांना मिळून एकच शब्द होता. ग्रीक भाषेतील ‘न्यूरॉन’, लॅटिनमधील ‘नर्व्हस’ व संस्कृतमधील ‘स्नावन्’ आणि ‘स्नायु’ हे शब्द एकाच इंडो-यूरोपीय मूळ शब्दापासून आले आहेत. दोरीसारखी चिवट शीर हा त्यांचा आद्य अर्थ असून धनुष्याची दोरी या अर्थानेही ते वापरले गेले. ज्ञान वाहून नेण्याशी त्यांचा मुळात काही संबंध नव्हता.

ग्रीक परंपरा : ॲरिस्टॉटल (इ. स. पू. ३८४–३२२) यांनी हृदय हे संवेदनेचे स्थान मानले व ‘न्यूरॉन’ हृदयापासून निघतात असे प्रतिपादिले. त्यांच्या वर्णनातील बहुतेक ‘न्यूरॉन’ म्हणजे आजच्या भाषेतील कंडरा व अस्थिबंध होत. इ. स. पू. तिसऱ्या शतकात ॲलेक्झांड्रिया येथे मानवी शवांचे विच्छेदन करण्यास वाव मिळाला. तेथे हिरॉफिलस व एरासिस्ट्राटस यांनी मेंदू आणि मेरुरज्जूपासून निघणाऱ्या दोऱ्यांचा मागोवा घेतला आणि त्यांचा संबंध संवेदना व हालचाल यांच्याशी जोडला. तंत्रिकांचा शोध या घटनेपासून मोजला जातो. तथापि नव्या वस्तूस नवे नाव मात्र मिळाले नाही. हिरॉफिलस यांच्या वर्णनात सांधे बांधणाऱ्या पट्ट्यांनाही ‘न्यूरॉन’ हाच शब्द आहे.

हा गुंता गेलेन (इ. स. १२९–सु. २१६) यांनी सोडविला. मेंदू वा मेरुरज्जूपासून निघतो तो ‘न्यूरॉन’, हाडापासून निघतो तो ‘सिन्डेस्मॉस’ (अस्थिबंध) आणि स्नायूपासून निघतो तो ‘टेनॉन’ (कंडरा), अशी विभागणी त्यांनी केली. या विभागणीला प्रयोगांचा आधार होता. रोम येथे लोकांसमक्ष केलेल्या प्रयोगात त्यांनी ओरडणाऱ्या डुकराच्या स्वरयंत्राकडे जाणाऱ्या तंत्रिका बांधून वा कापून दाखविल्या. तंत्रिका कापताच ओरडणे थांबले, पण प्राणी जिवंत राहिला. आवाजावरील नियंत्रण हृदयाकडून नव्हे, तर मेंदूकडून येते, हे त्यातून सिद्ध झाले. दिसण्यात सारख्या असलेल्या दोन दोऱ्यांतील भेद त्या कापल्यावर काय घडते यावरून ठरविता येतो, ही दृष्टी महत्त्वाची ठरली. ‘न्यूरॉन’ या शब्दाचा शास्त्रीय अर्थ अशा रीतीने कार्यावरून निश्चित झाला.

जुना अर्थ मात्र पूर्णपणे लोपला नाही. पोट, तळहात इ. ठिकाणच्या पसरट कंडरेस आधुनिक शारीरातही (शरीररचनाशास्त्रातही) ‘ॲपोन्यूरोसिस’ असे म्हणतात. या शब्दातील ‘न्यूरॉन’चा अर्थ तंत्रिका असा नसून कंडरा असा आहे. अरबी भाषेतील ‘असब’ हा शब्दही कंडरा व तंत्रिका या दोन्ही अर्थांचा आहे. इब्न सीना (९८०–१०३७) यांच्या कानून या ग्रंथातील शारीरात तंत्रिकेसाठी तोच आला आहे. लॅटिनमधील ‘नर्व्हस’ या शब्दाचीही हीच स्थिती होती. इंग्रजीतील ‘नर्व्ह’ हा शब्द दीर्घकाळ बळ व कंडरा या अर्थांनीही योजला जात असे.

भारतीय परंपरा : सुश्रुतसंहितेच्या शारीरस्थानात ९०० स्नायू सांगितले आहेत. त्यांपैकी ६०० हातापायांत, २३० धडात व ७० मानेच्या वरील भागात आहेत. अनेक बंधांनी बांधलेल्या फळ्यांची नाव ज्याप्रमाणे भार वाहते, त्याप्रमाणे सांधे स्नायूंनी बांधलेले असल्यामुळे शरीर भार वाहते, असा दृष्टांत तेथे दिला आहे. यावरून सुश्रुतांचा ‘स्नायु’ हा मुख्यतः अस्थिबंध व तत्सम बंध असल्याचे स्पष्ट होते. काही भाषांतरांत त्याचा अर्थ तंत्रिका असा करण्यात आला आणि प्राचीन भारतीयांनी ९०० तंत्रिका मोजल्या होत्या, असा समज त्यातून पसरला. मूळ वर्णन या समजाला आधार देत नाही.

शब्द, स्पर्श, रूप, रस, गंध यांचे वहन सुश्रुतसंहितेत २४ धमन्यांपैकी वर जाणाऱ्या धमन्यांकडे सोपविलेले आढळते. म्हणजे तंत्रिकेच्या कार्याची जाणीव होती. परंतु त्या कार्यासाठी वेगळी संरचना ओळखून तिला वेगळे नाव देण्यात आले नव्हते. शव वाहत्या पाण्यात सात दिवस ठेवून, कुजल्यावर ते कुंच्याने हळूहळू घासून पाहण्याची जी पद्धत त्या ग्रंथात सांगितली आहे, तिने चिवट बंध चांगले दिसत असावेत. कार्याचा उलगडा मात्र तिने होण्यासारखा नव्हता. योग व तंत्र ग्रंथांतील इडा, पिंगला व सुषुम्ना या नाड्यांची कल्पनाही साधनेतील अनुभवाशी निगडित आहे. विच्छेदनात आढळणाऱ्या तंत्रिकांशी तिची सांगड घालणे योग्य नाही.

आधुनिक काळ : १६६४ मध्ये इंग्रज वैद्य टॉमस विलिस यांनी मेंदूच्या शारीरावरील आपला लॅटिन ग्रंथ प्रसिद्ध केला व त्यात तंत्रिकांच्या वर्णनासाठी ‘न्यूरॉलॉजिया’ ही संज्ञा वापरली. तंत्रिकांतून सूक्ष्म ‘प्राणवायू’ वाहतो ही गेलेन यांच्यापासून चालत आलेली कल्पना तेव्हा प्रचारात होती. १७९१ मध्ये लूईजी गॅल्व्हानी यांचे प्राणिज विद्युतेविषयीचे प्रयोग प्रसिद्ध झाल्यावर ती मागे पडू लागली. १८५० मध्ये हेर्मान हेल्महोल्ट्स यांनी बेडकाच्या तंत्रिकेतील प्रेरणेचा वेग मोजला. तो सेकंदाला सु. ३० मी. एवढाच भरल्याने प्रेरणा क्षणार्धात पोहोचते हा समज खोटा ठरला.

१८५४ मध्ये रूडोल्फ फिरखो यांनी तंतूंभोवतीच्या स्निग्ध आवरणाला ‘मायेलिन’ असे नाव दिले. ‘मायेलॉस’ या ग्रीक शब्दाचा अर्थ हाडातील मगज किंवा मज्जा असा आहे. मराठीतील ‘मज्जातंतू’ या शब्दातही तीच कल्पना आढळते. कवटी व कणा यांच्या पोकळीत असलेला मऊ पदार्थ हाडातील मगजासारखा दिसतो, एवढेच साम्य दोन्हींच्या मुळाशी आहे.

१८७३ मध्ये कामील्लो गॉल्जी यांनी रुपेरी लवणांनी कोशिका रंगविण्याची पद्धत शोधून काढली. तिचा उपयोग करून सांत्यागो रामॉन ई काहाल यांनी प्रत्येक तंत्रिका कोशिका स्वतंत्र असल्याचे १८८८ पासून दाखवून दिले. या मताचा पुरस्कार करताना विल्हेल्म वॉल्डायर यांनी १८९१ मध्ये त्या कोशिकेला तिच्या सर्व शाखांसह ‘न्यूरॉन’ हे नाव दिले. धनुष्याच्या दोरीसाठी असलेला शब्द अशा प्रकारे सूक्ष्मदर्शकातून दिसणाऱ्या एका कोशिकेचे नाव बनला. गॉल्जी व काहाल यांना १९०६ चे नोबेल पारितोषिक विभागून मिळाले. परंतु कोशिकांच्या स्वातंत्र्याविषयी दोघांची मते अखेरपर्यंत परस्परविरोधी राहिली.

भारतीय भाषांतील संज्ञा : पाश्चात्त्य शारीराची पुस्तके देशी भाषांत होऊ लागली, तेव्हा प्रत्येक भाषेने जुने शब्द आपापल्या परीने वाटून घेतले. मराठी व गुजरातीत ‘स्नायू’ म्हणजे आकुंचन पावणारा मांसल भाग. तर बंगालीत ‘स्नायु’ म्हणजे तंत्रिका. हिंदीतही दीर्घकाळ हाच अर्थ प्रचलित होता. बंगालीत शीतयुद्धाला ‘स्नायुयुद्ध’ म्हणतात. मराठी वाचकास त्यातून स्नायूंच्या बळाचा बोध होईल. हिंदीतील ‘स्नायविक दुर्बलता’ ही संज्ञा तशीच उचलल्यास तंत्रिकांचा विकार मराठीत स्नायूंचा विकार ठरतो. गणनाथ सेन यांनी प्रत्यक्षशारीरम् या संस्कृत ग्रंथात तंत्रिकेसाठी ‘नाडी’ ही संज्ञा योजिली. तथापि मराठीत नाडी ही मनगटावर पाहतात ती, हा अर्थ पक्का झालेला असल्याने ती संज्ञा येथे रुजली नाही.

‘तंत्रिका’ या संज्ञेत हे धोके नाहीत. ताणणे या अर्थाच्या ‘तन्’ धातूपासून झालेल्या ‘तंत्र’, ‘तंत्री’ या शब्दांचे अर्थ मागाचा उभा धागा, वीणेची तार असे आहेत. गंमत अशी की, गेलेन यांनी कंडरेसाठी वापरलेला ‘टेनॉन’ हा शब्दही त्याच मुळाचा आहे. म्हणजे ग्रीकमध्ये ज्या कुळातील शब्द तंत्रिकेकडे गेला, त्या कुळातील शब्द मराठीत स्नायूकडे आला; आणि तेथे जो कंडरेकडे गेला, त्याचा नातलग येथे तंत्रिकेकडे आला. व्युत्पत्ती अर्थ सुचविते. तो ठरविण्याचे काम व्याख्येनेच करावे लागते.

वापर : ‘तंत्रिका’ ही संज्ञा मेंदू व मेरुरज्जू यांच्या बाहेरील तंतूंच्या जुडीसाठीच योजावी. आतील जुड्यांना मार्ग किंवा पथ आणि एकेका कोशिकेस तंत्रिका कोशिका म्हणतात. दृक्-तंत्रिका हा रूढीने टिकलेला अपवाद आहे. गर्भावस्थेत ती मेंदूच्याच भागापासून तयार होत असल्यामुळे खऱ्या अर्थाने ती आतील मार्गच होय.

बोलीत ‘शीर’ हा शब्द नीला (अशुद्ध रक्तवाहिनी), कंडरा व तंत्रिका या तिन्हींसाठी वापरला जातो. शीर कापली, शीर आखडली, शीर दबली या प्रयोगांत तीन निरनिराळ्या गोष्टी अभिप्रेत असतात. हा प्रश्न केवळ शब्दांपुरता नाही. मनगटाच्या पुढील भागात मध्य तंत्रिका व बोटे वाकविणाऱ्या कंडरा एकमेकींना लागून असतात. खोल जखमेत तंत्रिकेचे तुटलेले टोक चुकून कंडरेला शिवले गेल्याची उदाहरणे शल्यचिकित्सेत माहीत आहेत. अशी चूक झाल्यास अंगठ्याची व लगतच्या बोटांची संवेदना परत येत नाही. म्हणून जखम शिवण्यापूर्वी बोटे वाकतात की नाही व त्यांना स्पर्श कळतो की नाही, हे तपासून पाहतात. कोणती दोरी तुटली हे तिच्या कार्यावरून ठरविण्याची गेलेन यांची रीत आजही आवश्यक आहे.