कोंडलेल्या मांजराचा हक्क

हजरत अबू हुरैरा (रजि.) यांच्या नावाचा अर्थच मुळी 'मांजराच्या पिल्लाचे वडील'. त्यांच्याकडून आलेली एक हदीस सहीह बुखारीत आहे. एका बाईने मांजर कोंडून ठेवले. स्वतः खायला दिले नाही आणि बाहेरचे किडेमकोडे खाण्यासाठी सोडलेही नाही. मांजर मेले, ती बाई जहन्नममध्ये गेली. यातले सोडण्याचे कलम आपण विसरतो. मोकळे मांजर आपले पोट भरते. कोंडलेल्या मांजराचा भार कोंडणाऱ्यावर पडतो.

पण नुसते पोट भरले की हा भार उतरतो का? १९७५ मध्ये अमेरिकेतील संशोधकांनी दाखवून दिले, की आहारात टॉरिन हा घटक कमी पडला तर मांजराच्या डोळ्यांचा पडदा खराब होतो. १९८७ मध्ये कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या डेव्हिस येथील संशोधकांना आढळले, की तयार खाद्यावर वाढलेल्या काही मांजरांचे हृदयही त्याच कमतरतेने दुबळे झाले होते. त्यानंतर कंपन्यांनी खाद्यातले टॉरिन वाढवले. उंदराच्या मांसात ते असतेच, चपातीत नसते.

म्हणून फ्लॅटमधल्या पिल्लाला दूध-चपाती पुरत नाही. चौथ्या आठवड्यापासून मऊ खाणे सुरू करावे आणि साधारण वर्षाचे होईपर्यंत पिल्लांचेच खाद्य द्यावे; वाढत्या अंगाला प्रथिने व ऊर्जा जास्त लागते. पुढे मोठ्या मांजरांचे खाद्य सात ते दहा दिवसांत थोडे थोडे मिसळत वाढवावे. एकदम बदलले तर पोट बिघडते.

दार आपण लावले आहे. वाटीत काय पडले, याचा हिशेबही आपल्यालाच द्यावा लागेल.