तिखट फ्रोझन मार्गारिटा

तिखट फ्रोझन मार्गारिटा हे टकीला, लिंबाचा रस, संत्र्याच्या सालीचा स्वाद असलेले गोड मद्य, मिरची आणि बर्फ एकत्र घुसळून केले जाणारे थंड मद्यमिश्रण (कॉकटेल) आहे. मेक्सिको व अमेरिकेची संयुक्त संस्थाने यांच्या सीमेलगतच्या खाद्यसंस्कृतीत रूढ झालेल्या मार्गारिटा या पेयाचा हा एक प्रकार होय. बर्फाचा रवाळ लगदा, लिंबाचा आंबटपणा, पेल्याच्या काठावरील मीठ आणि मागाहून जाणवणारा मिरचीचा तिखटपणा ही त्याची वैशिष्ट्ये आहेत. मिक्सर आणि बर्फ उपलब्ध असल्यास हे पेय घरीही करता येते.

नाव व मूळ

स्पॅनिश भाषेत 'मार्गारिता' म्हणजे डेझीचे फूल. मद्य, लिंबाचा रस आणि गोड मद्य यांच्या मिश्रणांना अमेरिकेत पूर्वीपासून 'डेझी' म्हणत. त्यामुळे मार्गारिटा हे टकीला घालून केलेल्या डेझीचेच स्पॅनिश नाव असावे, असे एक मत आहे. १९३० व १९४० च्या दशकांतील अनेक मद्यालयचालकांनी व यजमानांनी या पेयाच्या जनकत्वावर हक्क सांगितला. परंतु त्यांपैकी कोणताही दावा निर्विवाद ठरलेला नाही. १९३७ साली लंडनमध्ये प्रसिद्ध झालेल्या 'कॅफे रॉयल कॉकटेल बुक' या पुस्तकात 'पिकाडोर' नावाने जवळजवळ हीच कृती आढळते. 'एस्क्वायर' या अमेरिकी मासिकाने डिसेंबर १९५३ च्या अंकात मार्गारिटाचा परिचय करून दिला होता.

गोठलेल्या प्रकाराचा इतिहास

अमेरिकेत १९३० च्या दशकाच्या उत्तरार्धात विजेवर चालणारे घुसळणयंत्र बाजारात आले आणि बर्फासह घुसळलेली पेये लोकप्रिय झाली. मात्र यंत्रात प्रत्येक वेळी थोडेथोडे पेय करावे लागे आणि प्रत्येक पेल्याची चव व घट्टपणा निराळा होई.

ही अडचण टेक्सास राज्यातील डॅलस येथील उपाहारगृहचालक मारियानो मार्टिनेझ यांनी १९७१ साली सोडविली. उपाहारगृहात पेल्याने मद्य विकण्यास टेक्सासमध्ये त्याच सुमारास परवानगी मिळाली होती. त्यांच्या वडिलांच्या कृतीने केलेल्या फ्रोझन मार्गारिटाला मोठी मागणी होती. पण गर्दीच्या वेळी चव एकसारखी राहत नसल्याची तक्रार ग्राहक करीत. एका दुकानात गोड बर्फाळ सरबत देणारे यंत्र पाहून मार्टिनेझ यांना कल्पना सुचली आणि त्यांनी मऊ आइसक्रीमच्या यंत्रात फेरफार करून ते मार्गारिटासाठी वापरले. या यंत्राचे एकस्व (पेटंट) त्यांनी घेतले नाही. त्यामुळे त्याची अनुकरणे सर्वत्र झाली. मूळ यंत्र २००५ पासून वॉशिंग्टन येथील स्मिथसोनियन संस्थेच्या अमेरिकी इतिहासाच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहे.

फळ, लिंबू, मीठ व मिरची यांचा मेळ मेक्सिकोत पूर्वापार आहे. तेथे आंबा, काकडी, कलिंगड यांवर मिरचीपूड भुरभुरतात. आंब्याच्या बर्फाळ लगद्यावर 'चामोय' नावाची आंबट-तिखट चटणी घालून केलेली 'मांगोनेआदा' हे बिनमद्याचे पेय तेथे लोकप्रिय आहे.

प्रमुख घटक

टकीला : मेक्सिकोतील हालिस्को राज्यात व लगतच्या काही राज्यांच्या ठरावीक भागांत, घायपाताच्या वर्गातील निळ्या अगावे या वनस्पतीच्या गाभ्यापासून केलेले ऊर्ध्वपातित मद्य. १९७४ पासून या नावास मेक्सिकोत भौगोलिक संरक्षण आहे. मिश्रणासाठी न मुरविलेली, पांढरी टकीला वापरतात.

लिंबू : मेक्सिकोत वापरले जाणारे लहान, पातळ सालीचे लिंबू आणि महाराष्ट्रातील कागदी लिंबू ही एकाच जातीची फळे मानली जातात.

मिरची : हालापेन्यो ही जाड सालीची हिरवी मिरची सर्वाधिक वापरली जाते. तिचे नाव वेराक्रूझ राज्याची राजधानी हालापा हिच्यावरून पडले आहे. तिखटपणा मोजण्याच्या स्कोव्हिल मापनात ती साधारणपणे २,५०० ते ८,००० एककांत मोडते. लवंगी मिरची हिच्याहून कितीतरी तिखट असल्याने तिचे प्रमाण बरेच कमी ठेवावे लागते.

तिखटपणा व थंडपणा यांचे विज्ञान

मिरचीतील कॅप्सायसिन हे द्रव्य पाण्यात फारसे विरघळत नाही. मद्यार्कात व स्निग्ध पदार्थांत मात्र चांगले विरघळते. म्हणूनच मिरची थेट बर्फात वाटण्यापेक्षा टकीलात भिजविल्यास तिखटपणा समप्रमाणात पसरतो. कॅप्सायसिन मुख्यतः बियांत नसून बिया ज्याला चिकटलेल्या असतात त्या पांढऱ्या गाभ्यात असते. तो काढून टाकल्यास मिरचीचा स्वाद राहतो आणि दाह घटतो.

तिखट ही चव नसून उष्णतेची व वेदनेची संवेदना आहे. सुमारे ४३ अंश सेल्सियसवरील उष्णता ओळखणारा चेतातंतूंवरील ग्राहक कॅप्सायसिनमुळेही जागा होतो. हा ग्राहक डेव्हिड ज्यूलियस यांच्या प्रयोगशाळेने १९९७ मध्ये शोधला. या क्षेत्रातील कार्यासाठी त्यांना २०२१ चे वैद्यकशास्त्राचे नोबेल पारितोषिक आर्डेम पाटापूटियन यांच्यासमवेत विभागून मिळाले. थंडीमुळे या ग्राहकाचे कार्य मंदावते. त्यामुळे घोट घेताना तिखट कमी लागते आणि तोंड पुन्हा उबदार झाल्यावर ते वाढत जाते.

थंडीत गोडीही कमी जाणवते. म्हणून साध्या मार्गारिटापेक्षा गोठलेल्या प्रकारात साखर थोडी अधिक घालतात. साखर व मद्यार्क ही दोन्ही द्रव्ये मिश्रणाचा गोठणबिंदू खाली आणतात. त्यामुळे पेयाचा दगड न होता लगदा राहतो. ४० टक्के मद्यार्काची टकीला घरगुती शीतकपाटाच्या बर्फखणात (सुमारे उणे १८ अंश) गोठत नाही. मद्यार्क प्रमाणाबाहेर वाढविल्यास मात्र लगदा पातळ होतो.

घरगुती कृती

साहित्य (दोन पेल्यांसाठी) :
- पांढरी टकीला १०० मिली
- ट्रिपल सेक (संत्र्याच्या सालीचे मद्य) ४० मिली
- ताजा लिंबाचा रस ६० मिली
- साखरेचा पाक ३० मिली (समभाग साखर व पाणी)
- हालापेन्यो १, किंवा कमी तिखट हिरवी मिरची अर्धी
- बर्फ सुमारे ३०० ग्रॅम
- काठासाठी मीठ व लाल मिरचीपूड

कृती :
१. मिरचीचे काप करून, हवा असल्यास गाभा काढून, ते टकीलात भिजवावेत. पंधरा मिनिटांनी थेंबभर चाखावे आणि पुढे दर दहा मिनिटांनी चाखत राहावे. बहुधा अर्धा ते एक तास पुरतो. हवा तितका तिखटपणा येताच टकीला गाळून घ्यावी. काप तसेच राहिल्यास तिखट वाढत जाते आणि नंतर कमी करता येत नाही.
२. गाळलेली टकीला व पेले बर्फखणात थंड करावेत. घटक कोमट असल्यास बर्फ वितळून पेय पाणचट होते.
३. पेल्याचा अर्धाच काठ लिंबाच्या फोडीने ओला करून मीठ व मिरचीपुडीत टेकवावा. म्हणजे पिणाऱ्यास निवड राहते.
४. मिक्सरच्या भांड्यात प्रथम द्रव घटक, मग बर्फ घालावा. प्रारंभी थांबून थांबून व नंतर सलग, बर्फाचे खडे नाहीसे होईपर्यंतच फिरवावे. अधिक फिरविल्यास घर्षणाने बर्फ वितळतो.
५. तत्काळ पेल्यात ओतावे.

मिश्रण पातळ झाल्यास मूठभर बर्फ, फारच घट्ट झाल्यास चमचाभर लिंबाचा रस घालतात. निम्म्या बर्फाऐवजी आंब्याच्या गोठविलेल्या फोडी वापरल्यास लगदा अधिक काळ टिकतो. त्या वेळी पाक कमी करावा.

बिनमद्याचा प्रकार

टकीला व ट्रिपल सेक वगळून त्याऐवजी संत्र्याचा रस किंवा कैरीचे पन्हे वापरता येते. मिरची कोमट पाकात भिजवून गाळावी. मद्यार्क नसल्याने हे मिश्रण लवकर कडक होते. म्हणून ते आधी करून बर्फखणात ठेवू नये.

गोव्याशी साम्य

मिरची, लिंबू, मीठ व मद्य हा मेळ गोव्यातही आढळतो. काजूच्या बोंडांच्या रसाच्या पहिल्या ऊर्ध्वपातनातून मिळणारी हुर्राक उन्हाळ्यात लिंबाच्या सोड्यात मीठ व चिरलेली हिरवी मिरची घालून पितात. दुसऱ्या ऊर्ध्वपातनातून होणाऱ्या काजू फेणीस २००९ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. मिरची भारतात सोळाव्या शतकात पोर्तुगिजांमार्फत अमेरिका खंडातून आली; त्यामुळे दोन्ही पेयांतील तिखटाचे मूळ एकच आहे.

दक्षता

गोडी, थंडी व तिखट यांच्याआड मद्याची चव दबते आणि पेय सौम्य असल्याचा भास होतो. वरील कृतीतील प्रत्येक पेल्यात सुमारे २२ ग्रॅम शुद्ध मद्यार्क असतो. १० ग्रॅमचे एक प्रमाण-पेय धरल्यास एक पेला दोनांहून किंचित अधिक भरतो. त्यामुळे मद्य अंदाजाने न ओतता मापाने घेणे आवश्यक ठरते. मद्यपानाचे कोणतेही प्रमाण आरोग्यास पूर्णतः सुरक्षित नाही, असे जागतिक आरोग्य संघटनेने २०२३ मध्ये स्पष्ट केले आहे. गर्भवती स्त्रिया, वाहनचालक आणि झोपेची वा तत्सम औषधे घेणाऱ्यांनी हे पेय वर्ज्य करावे.

मिरची चिरल्यावर हात साबणाने धुवावेत. डोळ्यांस हात लावू नये. तोंडाचा दाह पाण्याने शमत नाही. दूध किंवा दह्यातील प्रथिने व स्निग्धांश त्यावर अधिक उपयोगी पडतात.

महाराष्ट्रात मद्य बाळगण्यास व पिण्यास परवाना लागतो आणि टकीलासारख्या तीव्र मद्यासाठी किमान वय २५ वर्षे आहे. गोव्यात ही मर्यादा २१ वर्षे आहे.