जुनं नाव, नवा सर्व्हर

परवा भोरमध्ये एका स्पेअर पार्टच्या दुकानात कॅटलॉग उघडेना. डेटाबेस कनेक्शन एरर! वेल्ह्याहून आलेला जीपवाला खोळंबलेला. मालक म्हणे, "डेटा गेला."

अहो, कुठे जातोय! पूर्वी कॅटलॉग म्हणजे जाडजूड पुस्तकं, मग मायक्रोफिश, मग सीडी. १९९२ साली मायक्रोसॉफ्टनं ओडीबीसी आणलं: प्रोग्रॅम आणि डेटाबेस यांच्यातला दुभाषी. त्याला डेटाबेसचा नाव-पत्ता लागतो, तो सेटिंगमध्ये लिहिलेला. इथे कॉम्प्युटर नवा, नाव नवं, सेटिंग मात्र जुनंच. २०२४ मध्ये राज्य मंत्रिमंडळानं वेल्हे तालुक्याचं ‘राजगड’ हे नाव मंजूर केलं. जुन्या कागदांवर वेल्हेच राहणार, तसंच हे.

सर्व्हरचं नाव बदललं, पार्ट नंबर झळकले. क्लचप्लेट मात्र दुकानात नव्हतीच. पुण्याहून मागवली.