वाघूरचे पाहुणे

राजांचे, लढायांचे आणि तहांचे इतिहास आपण आवडीने वाचतो. नदीच्या वाट्याला मात्र फार तर एखादे माहात्म्य येते. तिचा इतिहास सहसा कोणी सांगत नाही. आज आम्ही ज्या नदीविषयी बोलणार आहोत ती तर अगदी लहान आहे. अजिंठ्याच्या डोंगरात ती उगम पावते, सात कुंडांतून उड्या घेत दरीत उतरते, लेण्यांच्या पायथ्याशी घोड्याच्या नालेसारखे वळण घेते आणि फर्दापूरच्या बाजूने खानदेशात उतरून तापीला मिळते. डोंगराच्या दक्षिण अंगाचे पाणी गोदावरीला जाते. ही मात्र उत्तरेकडे वाहते. तिला वाघूर म्हणतात, वाघोराही म्हणतात. नावातच वाघ आहे.

या नदीकडे दोन हजार वर्षे निरनिराळे पाहुणे येत राहिले. पहिले आले ते भिक्षू. पावसाळ्यात भटकंती थांबवून एका जागी राहावे, हा त्यांचा नियम. त्यासाठी एकांत हवा आणि पाणीही हवे. दोन्ही येथे होते. इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकाच्या सुमारास सुमारे ७६ मीटर उंचीच्या या कड्यात खोदकाम सुरू झाले. पुढे पाचव्या शतकात वाकाटक राजा हरिषेण याच्या काळात त्याला दुसरा बहर आला. आज आपण एका लेण्यातून दुसऱ्यात सरळ वाटेने जातो. पूर्वी लेण्यालेण्यातून नदीपर्यंत पायऱ्या उतरत असत. हरिषेणाचा अमात्य वराहदेव याने करविलेल्या १६ व्या लेण्याच्या खालच्या दाराशी दगडी हत्ती उभे आहेत आणि जिन्यावर नागराज बसला आहे. नाग म्हणजे पाण्याचा राखणदार. शेजारच्या १७ व्या लेण्याच्या शिलालेखात तर गोड, थंड पाण्याच्या टाक्याचे कौतुक आहे. लेण्यांची दारे नदीकडे होती, हे आपण विसरलो.

दुसरे पाहुणे शिकारी. बऱ्हाणपूर ते औरंगाबाद हा जुना रस्ता अजिंठ्याचा घाट चढून जाई. घाटाच्या तोंडाशी फर्दापूरला मोगल अमदानीतील सराई होती. पेशवाई बुडाली त्याच्या दुसऱ्याच वर्षी, २८ एप्रिल १८१९ रोजी, जॉन स्मिथ नावाचा इंग्रज घोडदळाचा अधिकारी वाघाच्या मागावर या दरीत आला आणि त्याची नजर १० व्या लेण्याच्या कमानीवर गेली. आसपासच्या लोकांना लेणी ठाऊकच होती. जगाला ती या शिकारीमुळे कळली. स्मिथने चित्रित खांबावर आपले नाव आणि तारीख कोरून ठेवली. म्हणजे उजेडात येण्याच्या दिवशीच चित्रांना पहिला ओरखडा पडला! १८४४ मध्ये चित्रांच्या नकला करण्यासाठी नेमलेला रॉबर्ट गिल हाही पट्टीचा शिकारी होता. त्याची बहुतेक चित्रे १८६६ मध्ये लंडनच्या क्रिस्टल पॅलेसच्या आगीत जळाली.

तिसरे पाहुणे आपण, प्रवासी. आपल्या पायांबरोबर जतनाचीही निकड आली. निजाम सरकारने १९२० मध्ये चेकोनी या इटालियन तज्ज्ञाला बोलावून सुटू पाहणारा गिलावा पक्का करविला. १९८३ मध्ये लेणी जागतिक वारशाच्या यादीत गेली. आता वाहने फर्दापूर फाट्यावरच थांबतात आणि पुढची वाट ठरावीक बसने करावी लागते. ही व्यवस्था चांगली आहे. पण आमच्या मते येथे एक फट राहिली आहे. आपण भिंत जपतो आणि नदी केवळ देखावा म्हणून पाहतो. चित्रांना डोंगरातून झिरपणारे पाणी बाधते, हवेतला दमटपणा बाधतो. ज्या डोंगराचे पाणी नदीत येते, त्याच डोंगराच्या पोटात चित्रे आहेत. त्यावरचे रान उघडे पडले, तर नदी आणि चित्रे दोन्ही भोगतील.

दूर इंग्लंडात थेम्स नदीची गोष्ट अशीच आहे. सॅमन मासा समुद्रातून प्रवाहाविरुद्ध चढत जाऊन नदीच्या वरच्या अंगाला अंडी घालतो. हौसेने गळ टाकणाऱ्यांची ती आवडती शिकार. लंडनची घाण नदीत गेली आणि १८३३ च्या सुमारास हा मासा तेथून नाहीसा झाला. पाणी सुधारल्यावर, १९७४ मध्ये, पुन्हा एक सॅमन सापडला. एका माशाने नदी पूर्ववत झाली असे नव्हे, पण वाट मोकळी झाली तर जीव परत येऊ पाहतो, एवढे त्याने सांगितले.

आपल्याकडेही तसेच घडले. यवतमाळच्या टिपेश्वर अभयारण्यातून निघालेला एक तरुण वाघ तेराशे किलोमीटरहून अधिक चालून डिसेंबर २०१९ मध्ये बुलढाण्याच्या ज्ञानगंगा अभयारण्यात पोचला. ते रान अजिंठ्याच्याच डोंगररांगेत आहे. स्मिथ ज्याच्या मागे आला होता, त्याचाच हा जातभाई.

वाघूर पावसाळ्यात गर्जते आणि उन्हाळ्यात डबक्यांपुरती उरते. तरी खाली जळगाव जिल्ह्यात तिच्यावर धरण आहे आणि जळगाव शहर तिचे पाणी पिते. तेव्हा लेणी पाहायला कधी न गेलेले लोकही तिचे पाहुणेच ठरतात. भिक्षूंनी पाण्याकाठी पिढ्यान् पिढ्या वस्ती केली आणि मागे चित्रे ठेवली. शिकाऱ्याने एक नाव ठेवले. फर्दापूर फाट्यावर बसमध्ये चढताना आपण मागे काय ठेवणार आहोत, याचा विचार प्रत्येकाने करावा. सात कुंडांवरचे रान राखणे, ओढ्यात कचरा न टाकणे आणि आपल्या मुलांना लेण्यांबरोबर नदीही दाखविणे, एवढे तर कोणालाही करता येईल.