‘मराठवाडा’ हे नाव आणि स्तंभलेखकाचे ‘आपण’

वृत्तपत्रीय स्तंभलेखनाचा विचार आपल्या समीक्षेने बहुधा शैलीच्या अंगाने केला आहे. या लेखनात ‘आपण’ म्हणून जो बोलतो त्याला तो अधिकार कोठून प्राप्त होतो, हा प्रश्न क्वचितच उपस्थित होतो. अनंत भालेराव (१९१९-१९९१) यांच्या बाबतीत तो टाळता येत नाही.

भालेरावांच्या ‘आपण’ची घडण निजामी राजवटीत झाली. राज्यकारभाराची आणि उच्च शिक्षणाची भाषा उर्दू होती. मराठी पत्रांवर सरकारची करडी नजर असे. आ. कृ. वाघमारे यांचे ‘मराठवाडा’ साप्ताहिक पुण्याहून निघे आणि निजाम सरकारने बंदी घातली की नाव पालटून पुन्हा प्रकट होई. (नावे बदलत राहूनच हे नाव टिकले, ही गोष्ट पुढील घटनांच्या संदर्भात ध्यानात ठेवण्यासारखी आहे.) स्वामी रामानंद तीर्थांच्या नेतृत्वाखालील लढ्यात उतरलेले भालेराव हैद्राबाद संस्थानाच्या विलीनीकरणानंतर या पत्राचे संपादक झाले. त्यांच्या राजकीय लेखनामागे लढ्यातील सहभागाचे हे नैतिक भांडवल उभे होते. आणीबाणीत त्यांना कारावास घडला, तेव्हा ते अधिकच दृढ झाले. ‘हैद्राबादचा स्वातंत्र्यसंग्राम आणि मराठवाडा’ या ग्रंथातही इतिहासकार आणि सैनिक यांना वेगळे काढता येत नाही. त्या ग्रंथाचे बळ आणि मर्यादा दोन्ही तेथेच आहेत.

या ‘आपण’मध्ये कोण सामावले होते? नांदेडजवळच्या अर्धापूरसारख्या, तेव्हा खेडे असलेल्या गावातील दोन वाचक कल्पावेत. एक गावठाणातला, दुसरा दलित वस्तीतला. रझाकारांच्या अत्याचाराची आठवण, मागासलेपणाची खंत, पुण्या-मुंबईकडून होणाऱ्या उपेक्षेचा राग हे सारे दोघांनाही आपले वाटले असते. गावातल्या पाणवठ्याचा प्रश्न आला की मात्र हे ऐक्य संपले असते. प्रादेशिक अन्यायाची भाषा जातीय अन्यायापाशी येऊन अडखळते.

भालेरावांना याची जाणीव नव्हती असे म्हणणे अन्यायाचे होईल. ‘मराठवाडा’च्या १९६९ च्या दिवाळी अंकातील दलित साहित्यावरील परिसंवाद हा त्या साहित्याच्या सैद्धांतिक मांडणीतील एक प्रारंभबिंदू मानला जातो. औरंगाबादेत १९५० पासून मिलिंद महाविद्यालयाच्या परिसरात जी पिढी घडत होती, तिच्यासाठी या पत्राने आपली पाने मोकळी केली होती. साहित्यात ज्याला जागा दिली, त्यालाच विद्यापीठाच्या नावात ती देताना हे पत्र का थबकले, हा खरा पेच आहे.

२७ जुलै १९७८ रोजी विधिमंडळाने मराठवाडा विद्यापीठाला डॉ. आंबेडकरांचे नाव देण्याचा ठराव केला आणि मराठवाड्यात दलितांच्या वस्त्या जळू लागल्या. नांदेड जिल्ह्यातील टेंभुर्णी येथे पोचिराम कांबळे यांची हत्या झाली. भालेराव आणि त्यांचे पत्र नामांतराच्या विरोधात उभे राहिले. प्रदेशाच्या अस्मितेचा युक्तिवाद त्यांना स्वाभाविक वाटला असणार. ज्या नावासाठी निजामाशी झुंज घेतली ते आता पुसले जाते आहे, ही भावना खोटी नव्हती. पण निजामाशी झुंजताना ‘मराठवाडा’ हे दुर्बलांचे नाव होते. १९७८ साली ते गावातील प्रबळांच्या हाती आले होते, आणि स्तंभलेखकाचे ‘आपण’ हा पालट टिपू शकले नाही. दलित चळवळीने या पत्राला दोषी धरले ते त्यामुळेच. लेखणी हिंसेचे समर्थन करीत नव्हती, एवढे म्हटल्याने तिची सुटका होत नाही. जळणाऱ्या घरांच्या काळात नावाचा अभिमान अग्रभागी ठेवणे ही देखील एक कृतीच होती.

भालेरावांचे गौरवग्रंथी वाचन हा भाग दोन ओळींत आटोपते आणि विरोधकांचे वाचन १९६९ चा अंक विसरते. त्यांच्या लेखांचे संग्रह आज हाती आहेत. त्यांतील ‘आपण’ हा शब्द कोणत्या वर्षी कोणासाठी येतो, हे सालवार पाहिले पाहिजे. १४ जानेवारी १९९४ रोजी विद्यापीठाच्या नावात ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’ आणि ‘मराठवाडा’ ही दोन्ही नावे एकत्र आली, तेव्हा भालेराव हयात नव्हते.