मुक्या फिल्मवरचे यरुशलेम

मुंबईच्या थिएटरात मुख्य चित्रपटाआधी फिल्म्स डिव्हिजनचे समाचारचित्र लागायचे, हे आपल्यापैकी अनेकांना आठवत असेल. आम्ही तेवढ्या वेळात बाहेर शेंगदाणे घेत उभे राहायचो! बोलपट येण्यापूर्वी अशा बातम्या मुक्या असत, आणि त्यांतली एक आपल्या यरुशलेमची आहे.

९ डिसेंबर १९१७ला तुर्की फौज शहर सोडून गेलेली होती. महापौर हुसेन अल-हुसेनी पांढरे निशाण घेऊन शरण जाण्यास निघाले, तर वाटेत भेटले कोण? ब्रिटिश पलटणीतले दोन सार्जंट! शहर ताब्यात घेण्याचा अधिकार त्यांना कुठला? त्याच संध्याकाळी हनुकाचा पहिला दिवा लागला. या शरणागतीचे छायाचित्र निघाले, पण फिल्म नाही.

कॅमेरा फिरला तो दोन दिवसांनी, ११ तारखेला. कॅमेरामन हॅरॉल्ड जीप्स. जनरल अ‍ॅलनबी याफो दरवाजातून पायी आत शिरले. १८९८ मध्ये जर्मनीच्या कैसरसाठी याच दरवाजालगत तट फोडून वाट केली होती. आज मोटारी तिथूनच आत जातात. कैसर स्वार होऊन आला, तुम्ही पायी जा, अशी सूचना अ‍ॅलनबींना लंडनहून आली होती. त्यांची नम्रता खरी असेलही, पण ती जगाला दाखवायची होती हेही तितकेच खरे. फेब्रुवारी १९१८ मध्ये ती ब्रिटनच्या थिएटरांत दाखवली गेली.

दावीदच्या बुरुजाच्या पायऱ्यांवर जाहीरनामा वाचला गेला: सर्व धर्मांची पवित्र स्थळे जपली जातील. इंग्रजी, अरबी, फ्रेंच आणि हिब्रूतही! यरुशलेमच्या तटाआत सरकारी शब्द हिब्रूत उच्चारला गेला, आणि फिल्मवर त्यातले एक अक्षर ऐकू येत नाही. याची आम्हाला फार चुटपुट लागते.

अ‍ॅलनबींनी पाठवलेल्या तारेत दरवाजावरच्या पहाऱ्यात हिंदुस्थानचेही शिपाई असल्याचे नमूद आहे. ओमरच्या मशिदीभोवती तर मुसलमान शिपायांचाच पहारा होता. फिल्म पाहताना आमची नजर जनरलसाहेबांपेक्षा आपल्याकडच्या चेहऱ्यांचाच शोध घेत राहिली. त्या मिरवणुकीत लॉरेन्सही होता, दुसऱ्याचा गणवेश चढवून. त्याचे नाव जगाला ठाऊक झाले. शिपायांची नावे कोण विचारतो?

आपल्यापैकी कुणाच्या घरी पहिल्या महायुद्धात पलटणीत असलेल्या आजोबा-पणजोबांचा फोटो असेल, तर आजच त्याच्या मागे नाव आणि गाव लिहून ठेवा. मराठीत लिहा, आणि नातवंडांसाठी हिब्रूतही.